जागा आमची, म्हैस त्यांची

अक्षय्य तृतीयेला घेतलेल्या वस्तूचा क्षय होत नाही, असं आमची आई सांगायची. ती सोन्याबद्दल बोलत होती. मी ते जमिनीला लावलं आणि भर अक्षय्य तृतीयेला तळकोकणातल्या वीस गुंठ्यांचा इसार दिला. आता दोन वर्षांनी सांगतो, आईचं खरं होतं. जमिनीचं अजून काही कळत नाही. पण तिच्यावरून सुरू झालेलं भांडण तसूभरही क्षय पावलेलं नाही.

शेतजमीन घ्यायची तर महाराष्ट्रात आधी शेतकरी असावं लागतं. मी बँकेतून निवृत्त झालेला डोंबिवलीकर. शेतीशी माझा संबंध म्हणजे पीककर्जाचे अर्ज नाकारणं. पण शोध घेतल्यावर कळलं की पणजोबांच्या गावच्या एका सातबाऱ्यावर सत्तेचाळीस नावांत एकोणतिसावं नाव माझं आहे. माझ्या वाट्याला येणारी जमीन एवढी, की तिच्यावर उभं राहायचं झालं तर दोन्ही पाय एका वेळी टेकवता येणार नाहीत. पण कायद्याच्या लेखी मी शेतकरी. दाखला हातात पडला त्या संध्याकाळी हिने मला गॅलरीतल्या कढीपत्त्याला पाणी घालायला लावलं.

विकणारा ओळखीचा होता. म्हणजे ज्याने ओळख करून दिली तो ओळखीचा होता. गृहस्थ गोड बोलायचे, दरवेळी भेटीला कोकमं आणायचे आणि "काका, तुमच्याकडून जास्त घेणार नाही" म्हणायचे. ज्या माणसाने कोकमाचे पैसे घेतले नाहीत तो जमिनीत फसवेल, असं कुणाच्या मनात तरी येईल का?

दस्तनोंदणीच्या दिवशी दुय्यम निबंधकांच्या कचेरीत आम्ही यंत्रावर अंगठे टेकवले, कॅमेऱ्यात बघितलं, साक्षीदारांना मिसळ खाऊ घातली. सगळं उरकल्यावर मी समाधानाने टेबलामागच्या माणसाला विचारलं, "सगळं व्यवस्थित आहे ना?"

"दस्त व्यवस्थित आहे."

"आणि जमीन?"

"जमिनीचं आम्ही बघत नाही."

मला वाटलं, माणूस विनोदी आहे. तो विनोद नव्हता, 1908 सालचा नोंदणी कायदा होता. नोंदणी होते ती कागदाची: अमुक दोघे आले, त्यांनी सह्या केल्या, मुद्रांक भरला. विकणाऱ्याची मालकी खरी की खोटी, हे घेणाऱ्याने आपलं आपण बघायचं. लग्नातला फोटोग्राफर फोटोची हमी देतो, संसाराची देत नाही, तसं.

दस्तात एक वाक्य फार सुरेख होतं. 'मिळकतीचा खुला, शांततापूर्ण व निर्वेध ताबा आज रोजी खरेदी घेणार यांना दिला.' मी ते हिला दोनदा वाचून दाखवलं. नंतर प्रत्यक्ष जागेवर गेल्यावर लक्षात आलं, की त्यातला शब्दन्‌शब्द खरा होता. ताबा खुला होता, कारण गडगा कुठेच नव्हता. शांततापूर्ण होता, कारण मधोमध बसलेली म्हैस शांतपणे रवंथ करत होती.

आम्ही नारळ फोडायला दगड शोधत होतो. दगड सापडला, पण त्यावर एक म्हातारे गृहस्थ बसले होते.

"काय व्हया, पावण्यानू?"

"काही नाही. आम्ही या जागेचे मालक."

"असां?" ते जरासुद्धा दचकले नाहीत. "मगे बसा. च्या करूक सांगतंय."

मागे एक खोपटं होतं, त्यातून खरोखरच चहा आला. मी शक्य तितक्या खर्जात म्हणालो, "आबा, ही जागा आम्ही विकत घेतलीय. कागद आहेत आमच्याकडे." आबांनी कागदाकडे पाहिलंही नाही. म्हशीकडे पाहिलं. म्हणाले, "मालक मुंबयसून येतत नि जातत. म्हस हंयसरच रवता."

मालकी आणि ताबा यांतला फरक इतक्या थोडक्यात सांगणारं पुस्तक मला आजतागायत मिळालेलं नाही, आणि या दोन वर्षांत मी पुस्तकं बरीच विकत घेतली. नारळ आम्ही आबांनाच दिला. त्यांनी त्याची चटणी केली. चांगली झाली होती.

डोंबिवलीला परतल्यावर सोसायटीच्या बाकावर विषय निघाला आणि कळलं, की आपल्या इमारतीत मी सोडून सगळे कायदेतज्ज्ञ आहेत. तळमजल्यावरचे म्हणाले, "रातोरात कुंपण घाला." दुसऱ्या मजल्यावरचे म्हणाले, "म्हशीला काही देऊन बघा." नक्की काय, ते त्यांनी सांगितलं नाही. चौथ्या मजल्यावरच्यांनी नुसती मान हलवली आणि "बारा वर्षं" एवढंच म्हणाले. त्या दोन शब्दांनी मी रात्रभर जागा राहिलो.

म्हणून वकील गाठले. तरुण, हुशार, मला 'काका' म्हणतात, आणि हे 'काका' मला कोकमवाल्या गृहस्थांची आठवण करून देतं.

"घेण्याआधी सर्च घेतला होतात?"

"घेतला ना. गूगलवर. समुद्र बरोबर सव्वा किलोमीटर."

त्यांनी पेन खाली ठेवलं. "तीस वर्षांचा सर्च, काका. सूची दोन, फेरफार, बोजा, इतर हक्क. बरं, जाहीर नोटीस?"

"रोज वाचतो."

"वाचायची नसते. द्यायची असते."

मग त्यांनी सातबारा पुढे ओढला. मी आजवर त्यातला फक्त आकडा बघितला होता, नावं बघितली नव्हती. लग्नपत्रिकेत आपण तारीख आणि जेवणाची वेळ बघतो, 'आपले नम्र'मधली यादी वाचत नाही, तसंच. या यादीत सदतीस नम्र होते आणि वर 'सामाईक क्षेत्र' असं लिहिलेलं होतं. त्यांतले निम्मे तरी स्वर्गात आणि उरलेले विरारला. एका नावापुढे 'अ.पा.क.' होतं. अज्ञान पालनकर्ता, म्हणजे मूल लहान, तेव्हा पालक अमुक. ते मूल मी पुढे कोर्टात पाहिलं. वय वर्षं अठ्ठ्याहत्तर, हातात काठी, आणि सातबाऱ्याच्या दृष्टीने अजून अज्ञान.

"तुमच्या विकणाऱ्याचा यात अविभक्त हिस्सा होता," वकील म्हणाले. "वाटप झालेलंच नाही. त्याने तुम्हाला चतु:सीमा घालून वीस गुंठे दाखवले, पण तसे दाखवायचा त्याला अधिकार नव्हता."

"म्हणजे मी काय विकत घेतलं?"

"खिचडीतली मूगडाळ. आहे, नक्की आहे. पण बोट ठेवून दाखवता येणार नाही."

मी घाबरलेला बघून त्यांनी धीर दिला. "उपाय भरपूर आहेत हो, काका!" आणि उडप्याच्या हॉटेलातला वेटर जसा एका दमात डोसे म्हणून दाखवतो, तसे त्यांनी उपाय म्हणून दाखवले. अडचण एवढीच, की मी जो मागवावा तो नेमका संपलेला असायचा.

"विकणाऱ्यावर दावा लावू. आपल्याला विकायचा अधिकार आहे, अशी हमी त्याने दिलीच आहे, असं 1882 चा मालमत्ता हस्तांतरण कायदा धरून चालतो. पैसे परत, वर नुकसानभरपाई."

"हाच लावा."

"पत्ता सांगा त्याचा."

"परळची एक चाळ."

"आहे का चाळ?"

"पाडली. टॉवर चाललाय."

"मग समन्स बजावायचं कुठे? क्रेनवर?"

मी म्हणालो, मनाई हुकूम घ्या. ते म्हणाले, मनाई ताबा असणाऱ्याला मिळते. मी अभिमानाने मोबाइल काढून खरेदीच्या दिवशीचा फोटो दाखवला: मी, ही, हिच्या हातात पेढ्यांचा पुडा, मागे हिरवंगार रान. वकिलांनी फोटो दोन बोटांनी मोठा केला, आमच्या चेहऱ्यांवरून पुढे सरकवला आणि एका कोपऱ्यात थांबले.

"ही म्हैस कुणाची?"

तोवर आम्हा दोघांनाही ती फोटोत दिसली नव्हती. माझ्या ताब्याचा एकमेव पुरावा म्हणजे त्यांच्या ताब्याचा फोटो होता, आणि तो मीच, तारखेसकट, जपून ठेवला होता. वकील म्हणाले, मोबाइलमधला फोटो कोर्टात द्यायचा तर सोबत प्रमाणपत्रही लागतं. नंतर जरा विचार करून म्हणाले, "आपण नकोच देऊ या."

पुढचा उपाय मला सगळ्यांत आवडला. स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट, 1963, कलम 6. कायद्याचा मार्ग सोडून कुणी तुम्हाला जागेवरून हुसकावलं, तर सहा महिन्यांच्या आत दावा लावा; मालक कोण, या भानगडीत न पडता कोर्ट ताबा परत देतं. मी उभाच राहिलो. वकील म्हणाले, "बसा. हुसकावायला माणूस आधी आत असावा लागतो. तुम्ही कुठे होतात?"

"डोंबिवलीला."

"उलट, रागाच्या भरात तुम्ही म्हैस हाकललीत, तर हेच कलम आबा तुमच्यावर लावतील."

तेव्हापासून मी त्या म्हशीपासून दहा फूट लांब उभा राहतो. ती माझ्याकडे बघते. तिला कलम ठाऊक असावं.

"मग मालकी ठरवून ताबा मागायचा दावा. मुदत बारा वर्षं."

"बारा वर्षं चालेल?"

"छे! लावायची मुदत बारा वर्षं. चालायची मुदत कायद्यात लिहिलेली नाही."

चौथ्या मजल्यावरच्यांच्या दोन शब्दांचा उलगडा इथे झाला. दुसऱ्याच्या जागेत बारा वर्षं उघडउघड, अखंड आणि मालकाला न जुमानता राहिलं, तर मूळ मालकाचा हक्कच संपतो. मात्र हा ताबा वैरभावाचा हवा, परवानगीचा नको. वकिलांचे डोळे चमकले. "आबा तुमच्याशी वागतात कसे? शिव्या? धमक्या? कोयता?"

"चहा देतात. मागच्या वेळी घावणेही."

"उत्तम! वैरभाव नाही."

आता माझं सगळं भवितव्य आबांच्या सौजन्यावर टांगलेलं होतं, आणि आबा सौजन्यात कमी पडणारे नव्हते. पण त्यांचा वकील तालुक्याचा, पिकलेला. त्याने वैरभावाचं नावच काढलं नाही. तो म्हणाला, आबा कूळ आहेत. त्यांचे वडील 1 एप्रिल 1957 ला, म्हणजे कृषक दिनाला, ही जमीन कसत होते. आता, एखादा माणूस कूळ आहे की नाही हे दिवाणी कोर्टाने ठरवायचं नसतं. कूळकायद्यातल्या कलम 85-अ प्रमाणे तो मुद्दा तहसीलदारांकडे जातो, आणि उत्तर येईपर्यंत दावा थांबतो. म्हणजे मी कोर्टात गेलो, कोर्टाने मला तहसील कचेरीत पाठवलं; आणि कचेरीच्या बाकड्यावर बसून मी 1957 साली त्या कातळावर नाचणी होती की वरी, याचा निकाल लागायची वाट बघतोय. त्या साली माझा जन्मही झालेला नव्हता. आबा दोन वर्षांचे होते. म्हैस यायला तर अजून बराच अवकाश होता.

मधल्या काळात पोलिसांकडेही जाऊन आलो. हवालदारांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि ज्या दोन शब्दांसाठी महाराष्ट्रातला प्रत्येक खरेदीदार एकदा तरी चौकी चढतो, ते उच्चारले: "दिवाणी बाब." मी म्हणालो, अहो, फसवणूक आहे ही, सरळसरळ चारशेवीस! त्यांनी सांगितलं, चारशेवीस आता राहिलं नाही. 1 जुलै 2024 पासून नवी न्याय संहिता आली आणि फसवणूक 318 वर गेली. याचं मला खरंच वाईट वाटलं. कोकमवाल्या गृहस्थांना मनातल्या मनात मी रोज 'चारशेवीस' म्हणत होतो, तेवढाच आधार होता. कुणाला 'तीनशेअठरा' म्हणून बघा. शिवी दिल्यासारखं वाटतच नाही, खोलीचा नंबर सांगितल्यासारखं वाटतं.

फेरफाराची गोष्ट थोडक्यात सांगतो, कारण ती फार लांबली आहे. माझं नाव सातबाऱ्यावर चढावं म्हणून नोटीस निघाली, आबांनी हरकत घेतली, विरारच्या तीन चुलतभावांनीही घेतली. नोंद 'तक्रारी' झाली. मंडल अधिकाऱ्यांनी ती नामंजूर केली, तर प्रांतांकडे अपील. तिथून अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे. हा जिना चढून वर पोचलो आणि नाव लागलं, तरी काय मिळणार? वकील म्हणाले, "सातबारा मालकीचा अंतिम पुरावा नाही. तो मुळात महसुलासाठी."

"आणि नोंदवलेला दस्त?"

"विकणाऱ्याकडेच मालकी नसेल तर दस्त काय करणार?"

"मग मालकीचा पुरावा म्हणजे नक्की काय?"

"कोर्टाचा हुकूमनामा."

"तो मिळाला की संपलं?"

वकील पहिल्यांदाच मनापासून हसले. "तो मिळाला की दरखास्त लावायची. अंमलबजावणी." मग त्यांनी सांगितलं, की पक्षकाराच्या खऱ्या अडचणी हुकूमनामा हातात पडल्यावर सुरू होतात, असं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने 1872 सालीच म्हणून ठेवलंय. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असं आपल्या सर्वोच्च न्यायालयाने 2021 साली बजावलं. मध्ये एकशे एकोणपन्नास वर्षं. मी घरी येऊन हिला म्हणालो, बघ, प्रगती आहे.

मोजणीचंही करून पाहिलं. पूर्वी मोजणीचे चार प्रकार असत: साधी, तातडीची, अति तातडीची आणि अति अति तातडीची. चौथा प्रकार ज्याने सुचवला त्याचा सत्कार करायची माझी फार इच्छा होती. आता नियमित आणि द्रुतगती असे दोनच उरलेत. भाषेचं नुकसान झालं. मी द्रुतगतीचे पैसे भरले. भूकरमापक आले, यंत्र लावलं, कागद बघितला आणि म्हणाले, "सामाईकात आहे. पोटहिस्सा मोजायचा तर सगळ्यांची संमती आणा." निम्मे सहहिस्सेदार स्वर्गात, असं मी म्हणालो. "वारस आणा." मग त्यांनी आबांचा चहा घेतला आणि द्रुतगतीने गेले.

या सगळ्यात माझा एकच सोबती, माझा मेहुणा. त्याने जमिनीच्या भानगडीत न पडता कल्याणच्या पुढे फ्लॅट घेतला होता आणि मला हसला होता. "भावजी, आमचं सगळं रेरामध्ये असतं." बिल्डरने डिसेंबरात ताबा देतो म्हणून सांगितलं होतं. डिसेंबर त्याने कधीच चुकवला नाही, साल तेवढं बदलत गेला. करार नोंदवल्याशिवाय दहा टक्क्यांच्या वर रक्कम घ्यायची नाही, असं 2016 चा रेरा कायदा सांगतो. मेहुण्याने तीस टक्के दिले, कारण बिल्डरने त्याला स्वतःच्या गाडीतून स्टेशनपर्यंत सोडलं होतं. एरवी हा माणूस भाजीवाल्याच्या समोर वांगं टोचून बघतो.

शेवटी त्याने पाच हजार रुपये फी भरून तक्रार केली. कलम 18 प्रमाणे त्याच्यापुढे दोन पर्याय होते: प्रकल्प सोडून पैसे व्याजासकट परत घ्यायचे, किंवा थांबायचं आणि ताबा मिळेपर्यंत महिन्या-महिन्याचं व्याज घ्यायचं. व्याजाचा दर स्टेट बँकेच्या सर्वांत चढ्या एमसीएलआरहून दोन टक्के जास्त. त्याने पैसे परत मागितले, आदेश त्याच्या बाजूने झाला आणि तो पेढे घेऊन आला. "भावजी, जिंकलो!"

"पैसे मिळाले?"

"आदेश मिळाला."

बिल्डरने पैसे दिले नाहीत. मग वसुलीचा वॉरंट निघाला. अशी रक्कम जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसूल करतात. त्यामुळे वॉरंट जिल्हाधिकाऱ्यांकडे गेला आणि तिथून खाली उतरत उतरत तहसील कचेरीत पोचला. आता मेहुणाही एका तहसील कचेरीच्या बाकड्यावर बसतो. त्याचा तालुका वेगळा, माझा वेगळा. पण बाकडं तेच, वर खडखडणारा पंखा तोच. दर मंगळवारी दुपारी आम्ही एकमेकांना फोन करतो. पूर्वी म्हातारे गुडघ्यांवर बोलायचे, तसं आम्ही कलमांवर बोलतो.

"तुमचं 85-अ काय म्हणतंय?"

"जरा ठणकतंय. तुझं 18 कसं आहे?"

"ते बरं झालं हो. आता 40 सुरू झालंय."

परवा मे महिन्यात तारखेला गेलो होतो. सदतीस प्रतिवादींपैकी सहा जणांना समन्स लागलं नाही, म्हणून पुढची तारीख पडली. एसटीला दोन तास होते, सहज जागेवर गेलो. आबांनी आंबे उतरवले होते. आमच्या जागेतलं ते कलम, एरवी आंबट तोंड करून उभं असतं, यंदा लगडलं होतं. आबा म्हणाले, "हाणलंय तुमच्यासाठीच. पेटी घेवन् जावा."

मी आंबा हातात घेतला. देठाशी वास घेतला. अंगठ्याने हलकेच दाबून पाहिला. खालचा थर वर काढून बघितला. औषध मारलं होतं का विचारलं, कुठल्या झाडाचा विचारलं. आबांनी बोटाने झाड दाखवलं. मग भाव केला, दीडशे रुपये कमी करून घेतले, आणि फसवणूक झालेली नाही याची पुरती खात्री पटल्यावरच पैसे दिले.

सोमवारी मोठ्या उत्साहात वकिलांना सांगितलं. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"पैसे दिलेत? कसे?"

"यूपीआयने. सुटे नव्हते."

"म्हणजे आपल्याच जागेतल्या, आपल्याच झाडाचे आंबे तुम्ही प्रतिवादीकडून विकत घेतलेत. आणि तशी बँकेत नोंद आहे."

"मी वर 'आंबे' असंही लिहिलंय," मी हळूच म्हणालो.

बराच वेळ कुणी बोललं नाही. पंखा फिरत होता. मग त्यांनी चष्मा पुन्हा चढवला, फाइल मिटली आणि दाराकडे एकदा बघून आवाज खाली आणला.

"गोड होते?"

"साखर."

"पुढच्या तारखेला जाल तेव्हा माझ्यासाठीही एक पेटी घ्या, काका. पण रोखीने."